गार भाताचं आशियाई सॅलड: भात मऊ राहावा, भाज्या कुरकुरीत

पहिल्यांदा हे सॅलड केलं तेव्हा मी सगळं आदल्या रात्रीच उरकून ठेवलं होतं. भात शिजवला, भाज्या चिरल्या, अननस घातला, वरून ड्रेसिंग ओतलं आणि भांडं झाकून फ्रिजमध्ये सरकवलं. दुसऱ्या दिवशी दुपारी जेवायला आलेल्यांच्या पानात वाढलं, तर भाताची शितं दाताखाली कच्च्यासारखी लागत होती. काकडीचं पाणी तळाशी साचलं होतं, कोथिंबीर काळवंडली होती, आणि शेंगदाणे भिजून मऊ पडले होते. चव तशी बरी होती, पण दुसऱ्यांदा कुणी वाढून घेतलं नाही.

त्यानंतर बऱ्याच वेळा करून बघितलं आणि एक गोष्ट पक्की कळली. या सॅलडमध्ये फ्रिजमध्ये गार करायच्या त्या भाज्या, फळं आणि ड्रेसिंग. भात नुसता निववायचा. गार भाज्या निवलेल्या भातात मिसळल्या की सगळं सॅलड आपोआप थंड होतं, वर अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवलं की पुरे. एवढं सांभाळलं तर बाकीचं सगळं तुमच्या आवडीवर आहे.

निवलेल्या भातात कच्च्या भाज्या, आंबट फळं आणि भरपूर पाला घालून खायची रीत आग्नेय आशियात जुनी आहे. दक्षिण थायलंडमध्ये 'खाव याम' करतात. त्यात भाताभोवती बारीक चिरलेला गवती चहा, मक्रुट लिंबाची पानं, पपनस किंवा कैरी, मोड आलेले मूग, भाजलेलं खोबरं आणि सुकी कोळंबी यांचे छोटे छोटे ढीग लावतात, वर 'बुदू' नावाचा आंबवलेल्या माशांचा रस घालतात आणि खाणारा सगळं स्वतः कालवून घेतो. मलेशियातला 'नासी उलाम' त्याच घराण्यातला, त्यात तर पाल्याचाच मान मोठा. जपानी स्वयंपाकात भाताला व्हिनेगर लावून तो निववण्याचं तंत्र फार बारकाईनं जपलं आहे. खाली दिलेली कृती यातल्या कुठल्याही एका पदार्थाची नक्कल नाही. भात निववायची पद्धत जपानी आहे, आंबट-गोड-खारट-तिखट ड्रेसिंगची बैठक थाई-व्हिएतनामी आहे.

फ्रिजमधला भात कडक का होतो

तांदळात मुख्यतः स्टार्च असतो आणि तो दोन प्रकारचा: अमायलोज आणि अमायलोपेक्टिन. भात शिजताना हे दोन्ही पाणी शोषून फुगतात, त्यांची घट्ट घडी मोडते, म्हणून शीत मऊ होतं. भात गार झाला की ते पुन्हा एकमेकांना बिलगायला लागतात आणि आत धरलेलं पाणी बाहेर ढकलतात. अमायलोज हे काम काही तासांतच करतं, अमायलोपेक्टिन सावकाश, एक-दोन दिवस घेऊन. हे होण्याचा वेग नेमका फ्रिजच्या तापमानाला, म्हणजे ४ अंश सेल्सिअसच्या आसपास, सगळ्यात जास्त असतो. पाव फ्रिजमध्ये ठेवला की बाहेरच्यापेक्षा लवकर शिळा लागतो, त्याचंही कारण हेच.

यावरून दोन गोष्टी ठरतात. भात फ्रिजमध्ये जितका कमी वेळ राहील तितका बरा. आणि ज्या तांदळात अमायलोज कमी, तो गार झाल्यावर जास्त वेळ मऊ राहतो.

तांदूळ कोणता घ्यावा

माझी पहिली पसंती थाई जास्मिन तांदळाला. त्यात अमायलोज कमी असतं, शितं लांबट पण मऊ होतात, एकमेकांना हलकी चिकटतात, आणि त्याचा स्वतःचा सुवास लिंबू-पुदिन्याच्या जोडीला छान बसतो. दुसरा चांगला पर्याय जपानी आखूड दाण्याचा तांदूळ, म्हणजे सुशीसाठी वापरतात तो. तो गार झाल्यावरही चांगला मऊ राहतो, पण गोळे होऊ नयेत म्हणून ढवळताना हात जपून चालवावा लागतो.

बासमतीचा मोह बऱ्याच जणांना होतो, कारण सॅलडमध्ये भात मोकळा हवा असं आपल्याला वाटतं. गरम असताना तो फडफडीत आणि देखणा दिसतो हे खरं. पण बासमतीत अमायलोज साधारण २० ते २५ टक्के असतं, आणि फ्रिजमध्ये दोन-तीन तास राहिला की त्याची शितं ताठ होतात. घरात बासमतीच असेल तर वापरा, मात्र दोन चमचे पाणी जास्त घालून जरा मऊ शिजवा आणि सॅलड केल्या केल्या वाढा. अगदी चिकट तांदूळ, ज्यात अमायलोज जवळजवळ नसतंच, तो इथे नको, त्याचा लगदा होतो. तपकिरी, पॉलिश न केलेला तांदूळ चालतो. त्याला चावायला जोर लागतो, पण खरपूस चव येते, आणि शेंगदाणे-तिळाशी त्याचं जमतं.

चार जणांसाठी साहित्य

भातासाठी: जास्मिन तांदूळ २०० ग्रॅम (२४० मिलिलिटरचा साधारण एक कप), पाणी सव्वा कप, तांदळाचं व्हिनेगर २ मोठे चमचे, साखर २ छोटे चमचे, मीठ अर्धा छोटा चमचा, वास नसलेलं तेल १ छोटा चमचा.

भाज्या: काकडी १५० ग्रॅम, गाजर १ मध्यम, लाल सिमला मिरची अर्धी, जांभळा कोबी मूठभर, मोड आलेले मूग ८० ग्रॅम, पातीचे कांदे ३.

फळं मिळून २५० ग्रॅम: पपनसाच्या ३-४ फोडी, पाडाचा आंबा अर्धा, अननसाच्या दोन चकत्या. किंवा यांच्याऐवजी दुसरी, त्याबद्दल पुढे लिहिलं आहे.

पाला: कोथिंबीर, पुदिना आणि मिळाली तर थाई तुळस, सगळं मिळून एक भरगच्च कप.

ड्रेसिंगसाठी: लिंबाचा रस ४ मोठे चमचे, लाइट सोया सॉस २ मोठे चमचे, ताडगूळ किंवा साधा गूळ किसून दीड मोठा चमचा, वास नसलेलं तेल २ मोठे चमचे, भाजलेल्या तिळांचं तेल १ छोटा चमचा, किसलेलं आलं १ छोटा चमचा, लसणाची १ लहान पाकळी, हिरवी किंवा लाल ओली मिरची १-२.

वरून घालायला: भाजलेले शेंगदाणे ५० ग्रॅम, भाजलेले तीळ १ मोठा चमचा, आवडत असेल तर तळलेला कुरकुरीत कांदा.

मोठा चमचा म्हणजे १५ मिलिलिटर, छोटा ५ मिलिलिटर. २०० ग्रॅम तांदळाचा साधारण साडेपाचशे ग्रॅम भात होतो. भाज्या-फळं मिळून त्याच्यापेक्षा थोडी जास्तच आहेत, आणि ती तशीच ठेवा. भात वरचढ झाला की हे सॅलड जड होतं, चार घासांत पोट भरतं आणि चवीचा कंटाळा येतो.

आधी भाज्या आणि ड्रेसिंग

कामाचा क्रम उलटा ठेवा. भात सगळ्यात शेवटी शिजवायचा आहे, कारण थांबायला न आवडणारा घटक तोच. भाज्या चिरून, कोरड्या करून, डब्यात भरून फ्रिजमध्ये गेल्या की मग तांदूळ धुवायला घ्या.

चिरताना एक माप डोळ्यांसमोर ठेवा: मटाराचा दाणा. काकडी, गाजर, सिमला मिरची, आंबा, अननस हे सगळं साधारण तेवढं. गाजराच्या लांब काड्या ताटात सुंदर दिसतात, पण भातात त्यांचा गुंता होतो, चमच्यात गाजर येतं तेव्हा भात येत नाही आणि भात येतो तेव्हा गाजर. बारीक चौकोनी तुकडे केले की प्रत्येक चमच्यात चार-पाच चवी एकदम येतात. कोबी तेवढा अपवाद. तो अगदी पातळ, दोन-तीन सेंटिमीटर लांब कापा.

काकडीवर थोडी मेहनत घ्यावीच लागते. ती उभी चिरून मधला बियांचा पाणचट गर चमच्यानं खरवडून काढा. तुकडे करून त्यांना अर्धा छोटा चमचा मीठ चोळा आणि चाळणीत पंधरा मिनिटं ठेवा. मिठामुळे पाणी आधीच सुटतं, नंतर भातात सुटायला उरत नाही. मग मुठीत घेऊन हलकेच पिळा. तुकडे आकसलेले दिसतील, पण चावून बघा, कच्च्या काकडीपेक्षा जास्त करकरीत लागतात.

मोड आलेले मूग कच्चे घालू नका. मोड यायला जी ऊब आणि ओल लागते तीच जंतूंनाही मानवते, आणि नुसतं धुऊन ते जात नाहीत. खळखळत्या पाण्यात एक-दीड मिनिट टाका, चाळणीत ओता, लगेच बर्फाच्या पाण्यात बुडवा. शिजणं जागच्या जागी थांबतं आणि कुरकुरीतपणा टिकतो. फरसबी किंवा चवळीच्या कोवळ्या शेंगा घालणार असाल तर त्यांनाही असंच करा, फक्त दोन मिनिटं द्या.

पातीचा कांदा तिरका, पातळ कापून दहा मिनिटं बर्फाच्या पाण्यात ठेवला की त्याचा उग्रपणा जातो आणि पात सुरेख वळते. जांभळा कोबी मात्र वेगळ्या वाटीत ठेवायचा. त्याचा रंग पाण्यात सुटतो आणि लिंबाला भेटला की गुलाबी होतो. आधीच मिसळला तर सगळा भात गुलाबी दिसेल.

शेवटी सगळ्या भाज्या स्वच्छ कापडावर पसरून टिपून घ्या. भाज्यांवर राहिलेलं पाणी ड्रेसिंगमध्ये उतरतं आणि मग कितीही मीठ-लिंबू घातलं तरी चव फिकी लागते.

ड्रेसिंगही आत्ताच करून ठेवा. किसलेला गूळ आधी लिंबाच्या रसात आणि सोया सॉसमध्ये पूर्ण विरघळवा. तेल आधी घातलं तर गूळ विरघळायला वेळ लागतो. मग आलं, ठेचलेली लसूण, बारीक चिरलेली मिरची, आणि सगळ्यात शेवटी तेलं. घट्ट झाकणाच्या बरणीत भरून जोरात हलवलं की क्षणभर सगळं एकजीव होतं. वाढायच्या आधी पुन्हा हलवायचं आहेच.

इथे तीन खबरदाऱ्या. तिळाचं तेल म्हणजे भाजलेल्या तिळांचं, गडद तपकिरी, उघडल्या उघडल्या खमंग वास येणारं. कच्च्या तिळांचं फिकट तेल वेगळं, त्यानं ती चव येणार नाही. आणि भाजलेल्या तिळांचं एक छोटा चमचा पुरतं, जास्त झालं तर लिंबू, पुदिना, फळं सगळ्यांवर तेच बसतं. दुसरं, ऑलिव्ह तेल टाळा. फ्रिजमध्ये ते गोठून दाणेदार होतं, शिवाय त्याचा वास या चवींत परका वाटतो. सूर्यफुलाचं तेल उत्तम. तिसरं, डार्क सोया सॉस वापरला तर भात मातकट तपकिरी दिसतो, म्हणून लाइटच घ्या. मांसाहारी असाल तर सोया सॉसमधला अर्धा काढून त्याजागी फिश सॉस घाला, त्यानं चवीला जी खोली येते ती दुसऱ्या कशानं येत नाही. गहू चालत नसेल तर गव्हाशिवाय बनवलेला तामारी सॉस शोधा, कारण साध्या सोया सॉसमध्ये बहुधा गहू असतो.

ड्रेसिंग चमच्यानं चाटून चव ठरवू नका. नुसतं चाखलं की ते फार आंबट, फार खारट लागतं आणि तसंच लागायला हवं. भात फिका असतो, त्यात थंडपणा चवीची धार कमी करतो. वितळलेलं आइस्क्रीम गोठलेल्यापेक्षा कितीतरी गोड लागतं, तोच हा प्रकार. काकडीचा किंवा गाजराचा गार तुकडा ड्रेसिंगमध्ये बुडवून खा, मग अंदाज येतो.

फळं

एक आंबट आणि रसाळ, एक गोड आणि घट्ट, अशी जोडी जमवा. तिसरं घातलं तर शोभेला. त्याहून जास्त फळं घातली की ते जेवण राहत नाही.

पपनस मिळालं तर सोडू नका. वरची जाड साल, आतला पांढरा कापसासारखा थर आणि प्रत्येक फोडीवरचा पापुद्रा काढला की आत अश्रूंच्या आकाराचे टपोरे दाणे एकमेकांना चिकटून बसलेले दिसतात. सुरी न वापरता बोटांनी ते हळूच सुटे करायचे. एखादा फुटतो, पण बहुतेक अख्खे निघतात, आणि प्रत्येकात रस बंद राहतो. भातात मिसळूनही ते फुटत नाहीत, थेट दाताखालीच फुटतात. संत्र्याचं तसं नाही, त्याच्या फोडी कापल्या की रस वाहायला लागतो. संत्रंच असेल तर पापुद्रे काढून फोडी अगदी शेवटी घाला आणि गळलेला रस ड्रेसिंगमध्ये ओता.

आंबा पाडाचा हवा, दाबला तर किंचित दबणारा, पण चिरल्यावर तुकडा उभा राहणारा. पूर्ण पिकलेला आंबा ढवळताना विरतो आणि भात बरबटतो. कैरी घालणार असाल तर लिंबाचा रस एक चमचा कमी करा.

अननसात ब्रोमेलेन नावाचं एन्झाइम असतं, ते प्रथिनं तोडतं. कच्चा अननस खूप खाल्ला की जीभ चरचरते ती यामुळेच. नुसत्या भात-भाज्यांच्या सॅलडला याचा त्रास नाही, पण कोंबडी किंवा कोळंबी घालणार असाल आणि अननस तासभर तिच्याबरोबर राहिला, तर ती पिठूळ लागते. कच्च्या पपईत आणि किवीतही असंच एन्झाइम असतं. उपाय सोपा आहे: अननसाच्या चकत्या कोरड्या तव्यावर दोन्ही बाजूंनी डाग पडेपर्यंत भाजा आणि मग तुकडे करून गार करा. उष्णतेनं एन्झाइम निकामी होतं आणि साखर जराशी करपल्यामुळे चव फार सुंदर येते. आता मी प्रथिनं नसली तरी अननस भाजूनच घालते. डब्यातला अननस आधीच तापवलेला असतो, त्यामुळे तोही चालतो, फक्त तो पाकातला असेल तर नीट निथळा.

द्राक्षं अर्धी कापून, डाळिंबाचे दाणे, घट्ट पेर, हेही चालतं. सफरचंद चिरल्या चिरल्या लिंबाच्या रसात घोळवा, नाहीतर काळं पडेल. कलिंगड आणि केळं मात्र नको. एकाचं पाणी होतं, दुसऱ्याचा लगदा.

भात शिजवणं

तांदूळ तीन-चार पाण्यांतून धुवा. पाणी अगदी नितळ व्हायला नको, पहिला दुधाळ गढूळपणा गेला की झालं. चाळणीत दहा मिनिटं निथळत ठेवा. जाड बुडाच्या पातेल्यात तांदूळ आणि सव्वा कप पाणी घालून मोठ्या आचेवर उकळी आणा. उकळी आली की आच अगदी बारीक करा, घट्ट झाकण लावा आणि बारा मिनिटं झाकण उघडू नका. मग गॅस बंद करून तसंच दहा मिनिटं राहू द्या, वाफ जिरली की वरची आणि तळाची शितं सारखी होतात. राइस कुकर असेल तर त्यात करा. प्रेशर कुकरमध्ये हा तांदूळ सहज जास्त शिजतो, म्हणून मी त्यात करत नाही.

शितावरून भाताची परीक्षा इथे खरोखर करायची आहे. एक शीत दोन बोटांत दाबा. ते पूर्ण चपटं व्हावं, मध्ये कणी लागू नये, आणि तरी बोटांवर पिठासारखं पसरू नये. गरम खायच्या भातात थोडी कणी राहिली तर खपून जाते. गार झाल्यावर तीच कणी खड्यासारखी लागते, म्हणून शंका आली तर दोन चमचे गरम पाणी शिंपडून आणखी तीन मिनिटं वाफेवर ठेवा.

भात निववणं

या कामाला घाई नको आणि दिरंगाईही नको. भात वाफेवर असतानाच व्हिनेगर, साखर आणि मीठ एका वाटीत घेऊन साखर विरघळेपर्यंत ढवळून ठेवा.

रुंद परात घ्या, ती ओल्या फडक्यानं पुसून घ्या म्हणजे भात चिकटणार नाही. गरम भात तिच्यात ओता, लाकडी उलथन्यानं पसरा आणि व्हिनेगरचं मिश्रण उलथन्यावरून ओघळू देत सगळीकडे शिंपडा. त्याच क्षणी आंबट वाफेचा लोट वर येतो, तोंड जरा मागे घ्या. पहिलं अर्धं मिनिट भात ओला, चिकट, बिघडल्यासारखा दिसतो. घाबरू नका. उलथनं आडवं फिरवून ढवळायचं नाही, त्यानं शितं चेचतात. उभं धरून भातात कापल्यासारखं फिरवायचं आणि मग खालचा भात अलगद वर पलटायचा. दुसऱ्या हातानं पंखा किंवा पुठ्ठ्यानं वारा घाला. दोन-तीन मिनिटांत वरचं पाणी उडतं, व्हिनेगर आत मुरतं आणि प्रत्येक शितावर चकाकी येते. जपानमध्ये सुशीच्या भाताला हीच वागणूक देतात. तिथली 'हांगिरी' नावाची परात रोगण न लावलेल्या लाकडाची असते आणि जास्तीचा ओलावा स्वतः शोषून घेते.

हे सगळं भात गरम असतानाच करायचं. गरम शीत व्हिनेगर आत ओढून घेतं, गार भातावर घातलेलं व्हिनेगर मात्र वरच राहतं आणि परातीच्या तळाशी जमतं. साखरेचा हेतू केवळ गोडवा नाही, ती ओलावा धरून ठेवते, त्यामुळे भात गार झाल्यावर मऊ राहायला मदत होते.

चकाकी आली की एक छोटा चमचा तेल शिंपडा, भात बोटभर जाडीच्या थरात पसरा आणि वीस-पंचवीस मिनिटं निवू द्या. वाफ येते तोवर झाकू नका, नाहीतर झाकणाला लागलेलं पाणी परत भातावर ठिबकेल. वाफ थांबली की वरची शितं वाळू नयेत म्हणून ओलसर, घट्ट पिळलेलं कापड अंथरा. हाताच्या पाठीला भात कोमट लागला नाही म्हणजे तयार.

एकत्र करणं

निवलेला भात मोठ्या, पसरट भांड्यात घ्या. फ्रिजमधल्या भाज्या, कोबी सोडून, त्यावर घाला. ड्रेसिंगची बरणी हलवून दोनतृतीयांश ड्रेसिंग ओता. दोन्ही हातांनी किंवा दोन रुंद चमच्यांनी तळापासून उचलून वर आणा, असं सात-आठ वेळा. आता फळं घाला आणि फक्त दोन-तीनदा उलटा. झाकून वीस ते तीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. एवढ्या वेळात भात कडक होत नाही, पण चवी एकमेकांत उतरतात.

वाढायच्या अगदी आधी चाखून बघा. बहुधा ड्रेसिंग भातानं पिऊन टाकलेलं असतं, राहिलेलं एकतृतीयांश त्यासाठीच मागे ठेवलं होतं. कोबी घाला. पुदिना-कोथिंबीर आत्ता, चाकूऐवजी हातानं तोडून घाला, पानं काळी पडत नाहीत. शेंगदाणे, तीळ, तळलेला कांदा ताटात वाढल्यावर. चव सपाट वाटली तर आधी मीठ किंवा सोया सॉसचे थेंब घालून बघा, लिंबू नंतर. सपाट लागणाऱ्या थंड पदार्थात बहुतेक वेळा मीठच कमी असतं.

पोटभरीचं करायचं असेल तर टोफू उत्तम. घट्ट टोफू वजनाखाली वीस मिनिटं दाबून पाणी काढा, तुकडे करून तव्यावर सगळ्या बाजूंनी सोनेरी भाजा आणि गरम असतानाच चमचाभर ड्रेसिंग त्याच्यावर घाला. उकडलेली कोळंबी, कोंबडीचे धागे काढलेले तुकडे, पातळ आमलेटच्या पट्ट्याही चालतात, सगळं गार करूनच घालायचं.

कधी मुलांना दाखवायचं असेल तर गोकर्णाच्या निळ्या फुलांचा भात करा. मलेशियाच्या केलांतान भागातला 'नासी केराबू' याच फुलांनी निळा होतो. दहा-बारा वाळलेली फुलं गरम पाण्यात भिजवून गाळा आणि त्याच पाण्यात तांदूळ शिजवा. भात निळा होतो, आणि व्हिनेगर शिंपडलं की जिथे थेंब पडेल तिथे जांभळी छटा उमटते. निळाच ठेवायचा असेल तर भाताला व्हिनेगर लावू नका, आंबटपणा फक्त ताटात द्या.

किती वेळ टिकतं

शिजवलेल्या भाताबाबत हयगय नको. तांदळात बॅसिलस सिरियस नावाच्या जिवाणूचे बीजाणू असू शकतात आणि ते शिजवूनही मरत नाहीत. भात ५ ते ६० अंशांच्या मध्ये रेंगाळला की ते वाढतात आणि जे विष तयार करतात त्यातलं एक पुन्हा गरम करूनही जात नाही. म्हणून भात पातेल्यात झाकून 'आपोआप गार होईल' म्हणत कधीच ठेवू नका. पातळ पसरून लवकर निववा आणि शिजल्यापासून तासाभरात मिसळून फ्रिजमध्ये पोचवा. व्हिनेगर आणि लिंबाचा आंबटपणा मदत करतो, पण घरच्या मापात त्याच्यावर विसंबून राहू नये.

सॅलड बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नका, ऊन कडक असेल तर एकच तास. डब्यात न्यायचं असेल तर बर्फाच्या पिशवीबरोबर न्या, आणि पाला, दाणे, राहिलेलं ड्रेसिंग वेगवेगळ्या छोट्या डब्यांत भरा.

आधी करून ठेवणं भागच असेल तर भाज्या आणि ड्रेसिंग आदल्या दिवशी चालतं, फक्त लिंबाचा रस ताजा पिळा, रात्रभरात त्याचा सुवास उडतो. भात मात्र त्याच दिवशी, खाण्याच्या फार तर तीन-चार तास आधी. असं ठेवलेलं सॅलड वाढण्यापूर्वी पंधरा मिनिटं बाहेर काढा, भात जरा सैल होतो. साधा निवलेला भात उरून फ्रिजमध्ये कडक झालाच, तर चोवीस तासांच्या आत त्यावर चमचाभर पाणी शिंपडून, झाकून, चांगला वाफाळेपर्यंत एकदाच गरम करा. शितं पुन्हा मऊ होतात. परातीत पसरून निववा, गार भाज्या मिसळा आणि लगेच संपवा, तो परत ठेवायचा नाही.

भाज्या-फळं मिसळलेलं सॅलड उरलं तर दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत खा. तेव्हा त्यात थोडं लिंबू, ताजा पुदिना आणि नव्यानं भाजलेले शेंगदाणे घाला, कारण आदल्या दिवशीचे मऊ पडलेले असतात.